केशरी कार्डाचे पैसे आले, पण कोणत्या महिन्याचे?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आमच्या भागातल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांना रेशनच्या धान्याऐवजी रोख रक्कम मिळते, तिच्याविषयी लिहिते आहे. ही रक्कम वेळेवर येत नाही ही तक्रार जुनी आहे आणि खरीही आहे. पण मला त्याहून मोठी वाटणारी अडचण वेगळीच आहे. पैसे आले नाहीत तर का आले नाहीत, आणि आले तर किती माणसांचे व कोणत्या महिन्याचे, हे ज्या बाईच्या खात्यात ते जमा होतात तिला कुणीच सांगत नाही.

मागचं थोडक्यात सांगते. अमरावती विभागातले पाच जिल्हे, वर्धा आणि मराठवाड्यातले आठ, अशा १४ शेतकरी आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांत २०१५ पासून केशरी कार्डाच्या शेतकरी कुटुंबांना माणशी पाच किलो धान्य मिळायचं. गहू दोन रुपये किलो, तांदूळ तीन रुपये किलो. २०२२ मध्ये या योजनेसाठी केंद्राकडून येणारा गहू-तांदूळ बंद झाला. मग फेब्रुवारी २०२३ च्या शासन निर्णयाने जानेवारीपासून माणशी महिन्याला १५० रुपये ठरले आणि २०२४ मध्ये त्याचे १७० झाले. पाच किलोच्या हिशेबाने किलोला ३४ रुपये पडतात. रक्कम पुरते की नाही हा वेगळा वाद आहे, आज तो काढत नाही.

मी बचत गटाचा हिशेब लिहिते. त्यामुळे गावातल्या बाया पासबुकावर एंट्री मारून आणली की आधी माझ्याकडे येतात. एका ताईच्या पासबुकावर २,०४० रुपये जमा दिसले. घरात माणसं सहा. सहा जणांचे महिन्याचे १,०२० होतात, म्हणजे हे दोन महिन्यांचे असावेत. पण चार जणांचे तीन महिन्यांचेही बरोबर २,०४० च होतात. पहिलं खरं असेल तर तीनपैकी तिचा एक महिना मागे राहिला आहे, वाट पाहिली तर येईल. दुसरं खरं असेल तर घरातली दोन नावं यादीतून गळाली आहेत आणि कितीही वाट पाहिली तरी ती आपोआप परत यायची नाहीत. पासबुकावरच्या त्या ओळीत आकड्या-अक्षरांची एक लांब माळ असते आणि शेवटी रक्कम. महिना नाही, माणसं नाहीत, योजनेचं नावही धड वाचता येत नाही. बँकेत विचारलं तर म्हणतात तहसीलला जा, तहसीलला म्हणतात बँकेत जा.

धान्य होतं तेव्हा हे असं नव्हतं. दुकानात माल उतरला की तासाभरात अख्ख्या गावाला कळायचं, आणि नाही आला तर कुणाचाच आलेला नसायचा. अंगठा लावला की ई-पॉस मशीनमधून पावती निघायची, तिच्यावर महिना आणि किलो दोन्ही असायचे. कमी माप दिलं तर तिथंच भांडता यायचं. पैसा मात्र ज्याच्या त्याच्या खात्यात वेगवेगळा येतो. मग दोघी भेटल्या की सुरू होतं, “तुह्ये आले, मंग माह्ये काऊन नाई आले वं?” आणि या प्रश्नाला गावात कुणाजवळ उत्तर नसतं. दुकानदाराचा आता या कार्डांशी काही संबंध उरलेला नाही. त्याला माल नाही, कमिशन नाही, तो तरी काय सांगणार?

उशीर आणि खंड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वरूनच निधी आला नाही, जिल्ह्याला अनुदान वाटप झालं नाही किंवा देयक कोषागारात अडकलं, तर सगळ्या गावाचा पैसा थांबतो. तो उशीर. पण शेजारणीचा आला आणि माझा नाही, तर बहुधा माझ्याच कागदात काहीतरी अडलेलं असतं. तो खंड. कार्डाच्या बारा अंकी नंबरावर कुणाचं तरी आधार जोडलेलं नाही, सासूबाई वारल्यावर कार्डावर कुटुंबप्रमुख बदललेली नाही, बँका एकत्र झाल्यावर शाखेचा आयएफएससी कोड बदलला आणि अर्जावर जुनाच राहिला, केवायसीअभावी खातं गोठलं. असा पैसा पाठवला तरी परत जातो. दुरुस्ती करून पुन्हा पाठवेपर्यंत तो तसाच राहतो, आणि दुरुस्ती करायची आहे हे बाईला ठाऊकच नसतं.

तिसराही एक प्रकार आहे. २०२४ मध्ये लाडकी बहीण योजनेसाठी कित्येकींनी पोस्टात नवी खाती उघडली. आधार क्रमांकावरून पाठवलेला पैसा आधार शेवटी ज्या खात्याला जोडलं तिथंच जातो. आमच्या गावात एक बाई जुन्याच पासबुकात पैसे शोधत राहिली आणि ते पोस्टात पडून होते. वाचकांपैकी कुणाचे अडले असतील, तर आधी आधारच्या संकेतस्थळावर किंवा बँक मित्राकडे आपलं आधार कोणत्या बँकेला जोडलेलं आहे ते पाहावं. मग आपल्याच प्रकारचं कार्ड असलेल्या दोन-तीन घरी विचारावं. त्यांचेही आले नसतील तर बँकेत खेटे घालून उपयोग नाही. त्यांचे आले असतील तर कार्ड, आधार आणि पासबुकाच्या प्रती घेऊन तहसीलच्या पुरवठा शाखेत लेखी अर्ज द्यावा आणि पोच घ्यावी. तोंडी सांगून परत येऊ नये, हे मुद्दाम सांगते.

झारखंडात रांचीजवळच्या नगडी तालुक्यात २०१७ मध्ये स्वस्त धान्याऐवजी आधी खात्यात पैसे देऊन मग त्यातून रेशन दुकानातच धान्य विकत घ्यायला लावण्याचा प्रयोग झाला होता. बँक, सेवा केंद्र आणि रेशन दुकान यांच्या फेऱ्यांनी लोक वैतागले, मोर्चे निघाले आणि २०१८ मध्ये सरकारने तो मागे घेतला. आमची ती मागणी नाही. खात्यात पैसे हवेत असं म्हणणाऱ्या बायाही गावात आहेत, आणि त्यांचं म्हणणं मला पटतं. बाईच्या नावावर पैसा येणं ही लहान गोष्ट नाही.

पण हे पैसे नेमके कधी लागतात तेही पाहावं. जूनमध्ये हाती असेल-नसेल तो पैसा बियाण्यात आणि खतात जातो. सोयाबीन निघेपर्यंत घरात नवीन पैसा येत नाही. आषाढ-श्रावणात किराणा उधारीवर चालतो. तेव्हा दर महिन्याला येणारे १,०२० रुपये आणि दिवाळीनंतर एकदम आलेले चार हजार, यांचा हिशेब कागदावर सारखा असेल, घरात नसतो. उधारीवर घेतलेलं पीठ रोखीच्या भावाने मिळत नाही. आणि ही कुटुंबं राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याच्या लाभार्थींत नाहीत, त्यामुळे धान्य न मिळाल्यास भत्ता देण्याची त्या कायद्यातली तरतूदही त्यांना लागू होत नाही. जे आहे ते शासन निर्णयावर आहे. म्हणून तर माहिती उघड असणं जास्त गरजेचं.

पुरवठा विभागाला आमची विनंती साधी आहे. दर महिन्याला गावाची यादी रेशन दुकानाच्या फलकावर आणि ग्रामपंचायतीत लावा. पूर्ण नाव-खातं नको, कार्डाचे शेवटचे चार आकडे पुरेत. त्यापुढे किती माणसांचे, कोणत्या महिन्याचे, किती रुपये पाठवले ते लिहा. परत आले असतील तर कारण लिहा. जिल्ह्यालाच निधी आला नसेल तर तेवढी एक ओळ लावा, म्हणजे बायांचा तालुक्याला जाण्याचा एसटीचा खर्च आणि बुडणारी मजुरी वाचेल. ही माहिती कार्यालयाच्या संगणकात असणारच, कारण त्याशिवाय पैसे पाठवता येत नाहीत. आणि जे महिने आजवर राहून गेले आहेत, तेही त्याच यादीत थकीत म्हणून दाखवावेत.

आपली,
बचत गटाची सचिव व नियमित वाचक,
ता. मंगरूळपीर, जि. वाशीम