घशातल्या प्रत्येक गाठीचं बिल खर्र्याच्याच नावावर का? आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. सार्वजनिक आरोग्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य

विषय: टॉन्सिल व जिभेच्या मुळाशी होणाऱ्या कॅन्सरमध्ये एचपीव्हीची तपासणी आणि नोंद

महोदय, सप्रेम नमस्कार.

नागपुरात दातांचा दवाखाना चालवणारा माणूस खर्र्याची बाजू घेणं शक्य नाही. सुपारी, तंबाखू आणि चुना पन्नीत घोटून पानठेल्यांवर जे विकलं जातं, त्याने आखडलेले जबडे मी रोज बघतो. पंचविशीतली पोरं येतात आणि तोंडात दोन बोटं मावत नाहीत. राज्यात २०१२ मध्ये गुटखाबंदी आली, खर्रा घोटणं काही थांबलं नाही. तरी हे पत्र खर्र्याबद्दल नाही. खर्र्याच्या गर्दीत एक दुसरं कारण आपण विचारायचंच सोडून दिलंय, त्याबद्दल आहे.

ह्यूमन पॅपिलोमा व्हायरस, म्हणजे एचपीव्ही, आपल्याकडे गर्भाशयमुखाच्या कॅन्सरमुळे माहीत झाला. तो संबंध शोधणाऱ्या हाराल्ड त्सूर हाउजेन यांना २००८ मध्ये नोबेल मिळालं. याच विषाणूचा १६ नंबरचा प्रकार टॉन्सिल आणि जिभेच्या मुळाशीही कॅन्सर करतो. गालफड, हिरड्या, स्वरयंत्र यांच्या कॅन्सरमध्ये त्याचा वाटा फार थोडा, तिथे तंबाखूच मुख्य आरोपी. पण घशाच्या त्या एका पट्ट्यात चित्र वेगळं आहे. अमेरिकेत या भागातल्या साधारण ६० ते ७० टक्के कॅन्सरमागे एचपीव्ही असल्याचं मानलं जातं, आणि रुग्णांत पुरुष खूप जास्त. भारतात तंबाखूमुळे हे प्रमाण कमी आहे. कमी आहे म्हणजे नाही, असं मात्र नव्हे.

असाच एक रुग्ण माझ्याकडे आला होता. चाळिशी ओलांडलेली, तक्रार दाढेची. दाढ ठणठणीत. जबड्याच्या कोनाखाली मानेत मात्र लिंबाएवढी गाठ, दाबली तरी न दुखणारी. ती टीबीची समजून कुठेतरी त्याला गोळ्या सुरू केल्या होत्या, सुईने तपासणी न करताच. "मी त सुपारीचं खांडही तोंडात टाकत नाही जी, मले काऊन कॅन्सर होईन?" असं तो मलाच विचारत होता. नेमकं त्यामुळेच कुणाला शंका आली नव्हती. कान-नाक-घसा तज्ज्ञांनी पुढे टॉन्सिलच्या खळग्यातून तुकडा काढला, तेव्हा मूळ गाठ सापडली. तोंड उघडून टॉर्च मारली असती तरी ती दिसली नसती. आपल्या आरोग्य केंद्रांत तीस वर्षांवरच्यांची तोंडाची तपासणी होते, ती मोलाचीच आहे, पण तिची नजर गालापर्यंत आणि जिभेच्या कडेपर्यंतच पोचते. जिभेच्या मुळाशी काय चाललंय ते मानेतली गाठच पहिल्यांदा सांगते.

त्याच्या बायकोने मला बाजूला घेऊन एकच विचारलं, हे यांना आलं कुठून? हा प्रश्न शासकीय पत्रकात कधी छापला जाणार नाही, म्हणून इथे उत्तर देतो. घशात हा विषाणू मुख्यतः मुखमैथुनातून जातो. बहुतेकांच्या शरीरातून तो वर्ष-दोन वर्षांत आपोआप निघून जातो, त्यांना कळतही नाही. थोड्यांच्यात तो टिकतो आणि कॅन्सर व्हायला पुढे दशकं लागतात. तो कधी आला, कुणाकडून आला, हे सांगणारी कुठलीही तपासणी नाही. आज निदान झालं म्हणून आजच्या संसारावर संशय घेण्यात काही अर्थ नाही. एवढं सांगणारं माणूस कॅन्सर वॉर्डात नसेल, तर उपचार सुरू होण्याआधीच घरात भांडण सुरू होतं.

आता मागणी. घशाच्या या भागातून काढलेल्या प्रत्येक तुकड्यावर पी-१६ ही तपासणी सरकारी खर्चाने व्हावी. एचपीव्हीची ई-६ आणि ई-७ ही प्रथिनं पेशीचे ब्रेक निकामी करतात, त्याचा परिणाम म्हणून पी-१६ नावाचं प्रथिन पेशीत साचतं. काचपट्टीवर विशिष्ट रंग चढवला की ते सूक्ष्मदर्शकाखाली दिसतं. यात परग्रहावरचं तंत्रज्ञान काही नाही. माझ्या रुग्णाने मात्र ती तपासणी बाहेरून, खिशातून पैसे घालून केली, तीही एका डॉक्टरांनी आग्रह धरला म्हणून.

निकालाने फरक पडतो. २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या एका मोठ्या अभ्यासात तीन वर्षांनंतर एचपीव्ही असलेले ८२ टक्के रुग्ण हयात होते, नसलेले ५७ टक्के. २०१८ पासून वापरात असलेल्या स्टेजिंगच्या, म्हणजे कॅन्सर किती पसरलाय ते ठरवण्याच्या, पद्धतीत पी-१६ पॉझिटिव्ह कॅन्सरचा तक्ताच वेगळा आहे. म्हणजे पी-१६ केलेलंच नसेल, तर रुग्णाची स्टेजसुद्धा धड सांगता येत नाही. (पॉझिटिव्ह आला म्हणून औषध हलकं करायचं, असं नाही. सिस्प्लॅटिन या नेहमीच्या औषधाऐवजी सेटुक्सिमॅब हे दुसरं औषध देऊन पाहिलं, तेव्हा रुग्णांचं नुकसानच झालं.) आपल्याकडे एकाच माणसात खर्राही असतो आणि विषाणूही, त्यामुळे अमेरिकेचे आकडे जसेच्या तसे इथे चिकटवता येणार नाहीत. म्हणूनच आपले आकडे हवेत.

आणि नागपूरला ते जमण्यासारखं आहे. इथे १९८० पासून लोकसंख्येवर आधारित कॅन्सर नोंदणी चालते. राष्ट्रसंत तुकडोजी कर्करोग रुग्णालय आहे, जामठ्याची राष्ट्रीय कर्करोग संस्था आहे, मिहानमध्ये एम्स आहे, 'मेडिकल'च्या, म्हणजे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या, आवारातच शासकीय दंत महाविद्यालय आहे. मेडिकल आणि मेयो ही इथली दोन्ही सरकारी रुग्णालयं तुमच्या खात्यात नाहीत, वैद्यकीय शिक्षणाकडे आहेत, हे मला ठाऊक आहे. रुग्णाला नसतं. दोन खात्यांनी एक परिपत्रक मिळून काढायला हरकत नसावी. जन आरोग्य योजनेतून कॅन्सरची शस्त्रक्रिया होते, रेडिएशन होतं, त्यात ही तपासणीही नावानिशी धरली जावी.

लसीबद्दल थोडंच. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटची सर्व्हावॅक ही एचपीव्हीची लस २०२३ मध्ये बाजारात आली. ती १६ आणि १८ हे दोन्ही प्रकार अडवते, आणि ९ ते २६ वयाच्या मुलींबरोबर मुलांसाठीही तिला मंजुरी आहे. कोस्टारिकातल्या एका चाचणीत एचपीव्हीची लस घेतलेल्या तरुणींच्या तोंडातला १६-१८चा संसर्ग चार वर्षांनी ९३ टक्क्यांनी कमी आढळला. ऑस्ट्रेलियाने २०१३ मध्ये, ब्रिटनने २०१९ मध्ये मुलग्यांनाही लस द्यायला सुरुवात केली. सरकारी पैशातून आधी मुलींना लस मिळावी हे मला मान्य आहे. गर्भाशयमुखाच्या कॅन्सरचा भार पाहता दुसरा क्रम योग्य ठरणार नाही. पण मुलग्यांचा विषय उद्या मंत्रिमंडळात निघाला आणि कुणी विचारलं, "विदर्भात घशाच्या किती कॅन्सरमागे हा विषाणू आहे?", तर तुमच्या सचिवांनी कुठला कागद पुढे करायचा?

तो कागद पी-१६च्या नोंदीतूनच तयार होईल. शिवाय आशाताईंच्या प्रशिक्षणात एक वाक्य ठळक करावं: मानेतली न दुखणारी गाठ तीन आठवड्यांत गेली नाही, तर माणूस खर्रा खात असो वा नसो, त्याला कान-नाक-घसा विभागात पाठवायचं. आणि सुईची तपासणी झाल्याशिवाय अशा गाठीवर टीबीच्या गोळ्या सुरू करू नयेत, असं सरकारी दवाखान्यांइतकंच खासगी डॉक्टरांनाही कळवावं.

हिवाळी अधिवेशनाला तुम्ही नागपुरात असालच. त्यातली एक दुपार मेडिकलच्या कर्करोग विभागातल्या आणि पॅथॉलॉजीतल्या डॉक्टरांसाठी ठेवा, आणि गेल्या वर्षी टॉन्सिलच्या किती तुकड्यांवर पी-१६ झालं, एवढंच त्यांना विचारा.

आपला,
नागपूरचा एक दंतवैद्य