इरलं घालून हसा म्हणे!

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीतला गावाकडच्या डॉक्युमेंटरीवरचा लेख वाचला, चांगला होता, पण 'निरीक्षणात्मक माहितीपट' असला जड शब्द बघून आमच्या घरात निम्म्यांनी तिथंच पेपर बाजूला ठेवला. अर्थ सोप्पा आहे की, कॅमेरा घेऊन गप बसायचं आणि समोरच्याला हे कर ते कर सांगायचं नाही.

गेल्या पावसाळ्यात इकडं खानापूर तालुक्यात, कणकुंबीच्या अलीकडं, दोन पोरं व्हिडिओ काढायला आलती. भाताची लावण चालू, पाऊस नुसता कोसळत होता, आमची काकी प्लास्टिकचा कागद डोक्यावरनं घेऊन चिखलात वाकलेली. तर म्हणे मावशी तो कागद काढा, इरलं घाला. आता ते बांबू नि पानांचं इरलं कोण वापरतंय! शेवटी माळ्यावरनं एक शोधून काढलं, त्यातनं उंदराच्या लेंड्या पडल्या, ते घालून काकीनं लावलेलाच तरवा, म्हणजे भाताची रोपं, उपटून परत लावला, तीनदा, आणि वर हसायला सांगितलं.

बरं ही खोड आजची नाही. रॉबर्ट फ्लॅहर्टीनं १९२२ साली 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा उत्तर कॅनडातल्या इनुइट लोकांवरचा माहितीपट काढला, एवढा गाजलेला, पण त्यातसुद्धा बर्फाचं घर अर्धं उघडंच बांधलेलं, कारण आत कॅमेऱ्याला उजेड पुरेना, आणि तिथल्या लोकांच्या हातात बंदुका आलेल्या असताना ह्याला शिकार भाल्यानंच पाहिजे होती. इग्लू काय नि इरलं काय!

उलट 'हनीलँड' बघा, २०१९ चा, उत्तर मॅसेडोनियातल्या मध काढणाऱ्या बाईवरचा. ३ वर्षं राबून ४०० तासांचं शूटिंग आणि पिक्चर दीड तासाचा पण नाही. ती बाई बोलते ती तुर्की बोली डायरेक्टरांना कळत नव्हती म्हणून आधी नुसतं चित्र बघून जुळवाजुळव केली. ती माश्यांना अर्धं तुमचं अर्धं माझं म्हणते, मध ठेवते, उठते, मागनं कुणी निवेदक येऊन समजावत बसत नाही.

असं आमच्याकडं कोण करणार? मलप्रभा इथं उगम पावते, भीमगडचं जंगल आहे, हे सगळं ड्रोननं झालंय काढून. पण भात पोटरीला आल्यावर रात्रभर डबा बडवत, बॅटरी मारत गवे हाकलणारी माणसं, तीच माणसं बैलाशी मराठीत, बसच्या कंडक्टरशी कानडीत आणि गोव्याच्या पाहुण्याशी कोकणीत बोलतात, ते कुणी चार महिने मुक्काम करून काढलंय का? राहायची सोय आम्ही करतो, जळवांचं मात्र ज्याचं त्यानं बघावं.

तो व्हिडिओ नंतर मोबाईलवर आला, काकीला दाखवला. आत तिची नुसती पाठ, इरलं आणि बासरी. ती दोनदा बघून म्हणाली, "लावलेलं उपटून परत खोवालोय की मी, कुणाला कळलं नसंल न्हवं?"

– एक वाचक, ता. खानापूर, जि. बेळगाव