लायब्ररीतून निघालीस की कळव

प्रिय सोनू,

काल तू बोलता बोलता म्हणालीस की लायब्ररीतून निघायला रोज रात्रीचे अकरा वाजतात. तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. ओळखपत्र जवळ ठेवतेस ना?

तुझा विषय मंजूर झाला म्हटल्यावर नानांनी दलित साहित्याच्या 'अस्मितादर्श' नियतकालिकाचे जुने अंक काढले. औरंगाबादच्या मिलिंद कॉलेजात असताना म. ना. वानखेडे सरांकडून त्यांनी अमेरिकेतल्या काळ्या लेखकांची नावं पहिल्यांदा ऐकली होती. आता नात तिथंच जाऊन त्यावर पीएचडी करतेय, हे ते दूधवाल्यालाही सांगतात.

तू सांगितलेली हार्वर्डचे काळे प्राध्यापक हेन्री लुईस गेट्स यांची हकीकतही मी त्यांना ऐकवली. हॅरिएट विल्सनची कादंबरी १८५९ साली तुमच्या बॉस्टनलाच छापली गेली आणि विस्मरणात गेली. गेट्स यांनी जुनी कागदपत्रं धुंडाळून ती काळ्या बाईनं लिहिल्याचं दाखवलं, १९८३ साली पुन्हा छापून आणली. नाना म्हणाले, "आपल्याकडच्या किती बायांचं असं पडून असेल!"

पण त्याच गेट्स यांना २००९ मध्ये बॉस्टनजवळच्या केंब्रिजला स्वतःच्या घरी बेड्या पडल्या. प्रवासाहून आले, दार अडकलं, ढकलून उघडलं, कुणीतरी पोलिसांना कळवलं. हार्वर्डचं ओळखपत्र दाखवूनही अटक चुकली नाही. आरोप नंतर मागे घेतला. तरी तू ओळखपत्र ठेवच.

आणि लिहिताना जात नि वंश सरसकट एक करू नकोस. बाबासाहेबांनी १९४६ साली अमेरिकेतले काळे विचारवंत ड्यू बॉइस यांना पत्रात अस्पृश्य आणि तिथले काळे यांच्या स्थितीतलं साम्य लिहिलं, पण गुलामगिरी आणि अस्पृश्यता यांतला फरकही त्यांनीच मांडलाय. असो, हे तुला मी काय सांगणार! राग मानू नकोस.

सहावीत बाईंनी आडनाव विचारून तुला मागच्या बाकावर बसवलं होतं. घरी येऊन तू चकार शब्द काढला नाहीस. वहीत आडनाव गिरवत राहिलीस, कागद फाटेपर्यंत. तेव्हापासून कुणी चढ्या आवाजात नाव विचारलं की तू तडकतेस. तिथं पोलिसानं विचारलं तर तडकू नकोस गं. हे लिहिताना मला बरं वाटत नाही, कारण मान खाली घालायला आम्ही तुला कधीच शिकवलं नाही. तरीही लिहितेय.

पहिलं प्रकरण झालं की नानांसाठी दोन पानं मराठीत लिही, अक्षर मोठं काढ. आणि निघालीस की मेसेज टाक. तुझे अकरा म्हणजे इथले सकाळचे साडेआठ, मी डबे भरत असते, लगेच बघेन.

तुझी,
आई