कोकणच्या खलाशांची नावे कोकणात यावीत

महोदय,

राष्ट्रीय सागरी दिनानिमित्त आपल्या दैनिकात ५ एप्रिल १९१९ रोजी मुंबईहून लंडनला निघालेल्या सिंदिया कंपनीच्या ‘लॉयल्टी’ बोटीविषयी आलेला मजकूर वाचला. वालचंद हिराचंद आणि नरोत्तम मोरारजी यांच्या धाडसाचे कौतुक झालेच पाहिजे. मात्र १९६४ पासून पाळल्या जाणाऱ्या या दिवशी बोलले जाते ते मालकांविषयी, बंदरांविषयी आणि मालाच्या टनांविषयी. ज्या खलाशांनी या व्यापारी बोटींवर उभा जन्म काढला आणि दोन महायुद्धांत ज्यांच्यापैकी हजारो माणसे समुद्रात गेली, त्यांच्याविषयी आमच्या जिल्ह्यातही त्या दिवशी चार शब्द निघत नाहीत, म्हणून हे पत्र.

बाणकोट, हर्णै, दाभोळ, जयगड, विजयदुर्ग या बंदरांच्या गावांतून माणसे परदेशी बोटींवर जाऊ लागली, त्याला दीडशेहून अधिक वर्षे झाली. मुंबईहून सुटणाऱ्या बोटींच्या डेकवर रत्नागिरी जिल्ह्याची माणसे मोठ्या संख्येने असत. त्यांत कोकणी मुसलमान पुष्कळ, आणि त्यांच्या जोडीला खारवी, गाबीत, भंडारी. सलूनचे, म्हणजे बोटीवरच्या जेवणाखाण्याचे आणि सेवेचे, काम बहुधा गोवेकरांकडे असे. डेकवर सारंग मुख्य. त्याच्या हाताखाली त्याचा दुय्यम टंडेल, सुकाणू धरणारा सुकाणी, दिवे-दोर-रंग सांभाळणारा कसाब, आणि सर्वांचे जेवण रांधणारा भंडारी. (येथे भंडारी म्हणजे स्वयंपाकी, जातीशी त्याचा संबंध नाही.) इंग्रजी कागदांत मात्र हे सारे सरसकट ‘लास्कर’ होते. सारंग बहुतेक वेळा आपल्याच गावाची आणि नात्याची पोरे घेऊन बोटीवर चढत असे. त्यामुळे घरी मनीऑर्डरी एकाच वाडीत येत, आणि बोट बुडाली तर रडारडही एकाच वाडीत होई.

पगाराची गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. दुसरे महायुद्ध सुरू झाले तेव्हा हिंदी खलाशाचा पगार त्याच बोटीवरच्या गोऱ्या खलाशाच्या पगाराच्या चौथ्या हिश्श्याइतकाही नव्हता, आणि राहण्याची जागाही कमीच. पाणसुरुंग आणि टॉर्पेडो मात्र दोघांना सारखेच होते. म्हणूनच १९३९ च्या हिवाळ्यात ब्रिटन आणि दक्षिण आफ्रिकेच्या बंदरांत या खलाशांनी वाढीव पगाराशिवाय बोट हाकण्यास नकार दिला. अनेकांना तुरुंगात टाकण्यात आले, पण शेवटी पगार वाढवावा लागला. ज्यांना आपण मुकी, आज्ञाधारक माणसे समजतो, त्यांनी परक्या बंदरात, भाषा येत नसताना हे केले, ही गोष्ट कोकणातल्या शाळांत शिकवायला हवी.

पहिल्या महायुद्धात सुमारे साडेतीन हजार हिंदी खलाशी मृत्यू पावले. जून १९१७ मध्ये ‘मंगोलिया’ ही बोट जर्मन पाणसुरुंगाला लागून बुडाली, ती थेट मुंबईसमोरच्या समुद्रात. दुसऱ्या महायुद्धात मृतांचा आकडा साडेसहा हजारांच्या घरात गेला. सप्टेंबर १९४० मध्ये ब्रिटनची मुले कॅनडाला नेणारी ‘सिटी ऑफ बनारस’ उत्तर अटलांटिकमध्ये बुडवली गेली, तेव्हा सुती कपड्यांतले हिंदी खलाशी जीवरक्षक होड्यांमध्ये थंडीने गारठून मेले. तिची एक होडी आठ दिवसांनी सापडली. तिच्यातल्या सेहेचाळीस जणांत तिसाहून अधिक हिंदी खलाशी होते. नोव्हेंबर १९४२ मध्ये मुंबईहून आफ्रिकेकडे निघालेली ‘तिलावा’ जपानी पाणबुडीने बुडवली आणि २८० माणसे गेली.

माझे धाकटे आजोबा, म्हणजे आजोबांचे पाठचे भाऊ, त्याच काळात गेले. ते कोणत्या बोटीवर होते हे घरात कोणाला धड ठाऊक नव्हते. तार आली ती ‘बेपत्ता’ एवढ्याच शब्दाची. मृत्यू झाला असे तारेत म्हटले नव्हते, म्हणून धाकट्या आजीने कुंकू पुसले नाही आणि दिवसकार्यही होऊ दिले नाही. कंपनीकडून मिळायची ती रक्कम कागद पुरे नाहीत या कारणाने वर्षानुवर्षे अडून राहिली. मी शाळेत जात होते तेव्हाही बंदरात बोटीचा भोंगा वाजला की ती हातातले काम तसेच टाकून पडवीत येऊन उभी राही. पडावातून माणसे उतरून आपापल्या वाटेला लागली की काही न बोलता परत चुलीपाशी जाऊन बसे.

आजोबा स्वतः कसाब होते आणि परत आले. त्यांची डिस्चार्जची वही आमच्याकडे आहे. पहिल्या पानावर फोटो, त्याखाली अंगठा, उंची आणि अंगावरच्या खुणा. पुढे प्रत्येक सफरीची एक ओळ: बोटीचे नाव, चढल्याची तारीख, उतरल्याची तारीख, आणि कामाविषयी व वागणुकीविषयी ‘व्हेरी गुड’ असे दोन शिक्के. युद्धाची पाच वर्षे या वहीत अशा ओळींत मावली आहेत. ३ जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळात आमच्या घराची कौले उडाली, पेटीत पाणी शिरले आणि वहीची मधली काही पाने एकमेकांना चिकटली ती कायमची. दापोली, मंडणगड, श्रीवर्धन भागातल्या किती घरांत अशा पेट्या त्या दिवशी भिजल्या असतील, याचा विचार करून जीव हळहळतो.

आता मुख्य मुद्दा. या मृतांची नावे हरवलेली नाहीत. मुंबईत मशीद बंदर येथील खलाशांच्या वसतिगृहात पहिल्या महायुद्धातील दोन हजारांहून अधिक खलाशांचे स्मारक आहे. दुसऱ्या महायुद्धातील मृतांच्या नावांची वही मुंबईत आहे आणि तशीच एक वही चितगावला आहे. राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाच्या संकेतस्थळावर ही नावे शोधताही येतात. अशी काही वही आहे हेच आमच्या घरात पंचाहत्तर वर्षे कोणाला माहीत नव्हते, त्यामुळे धाकट्या आजोबांचे नाव पाहायला कोणी गेले नाही.

यात एक अडचण अशी की पुष्कळ नोंदींत माणसाचे एकच नाव आहे, आडनाव नाही. काही ठिकाणी बापाचे नाव आणि गाव आहे, पण ते इंग्रज कारकुनाच्या कानाला जसे ऐकू आले तसे. वाडीचे नाव कोणते, खाडीच्या अल्याडची गावठाण की पल्याडची, हे लंडनमध्ये किंवा दिल्लीत बसून ओळखता येणार नाही. त्यासाठी इथलीच माणसे लागतील. जमातीतले वडीलधारे, गावचे पोलीसपाटील, जुने शिक्षक यांना ती यादी मोठ्याने वाचून दाखवावी लागेल. ज्यांच्या कानावर ही नावे लहानपणी पडली, ती पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे.

शांततेच्या काळातही फार वेगळे घडत नाही. एप्रिल १९६१ मध्ये दुबईजवळ ‘दारा’ ही प्रवासी बोट पेटून २३८ जण गेले. जून १९७९ मध्ये मुरगावहून लोहखनिज घेऊन निघालेली ‘कैराली’ माणसांसह नाहीशी झाली आणि आजतागायत सापडली नाही. २०२० मध्ये करोनामुळे जगभर सुमारे चार लाख खलाशी करार संपूनही बोटींवरच अडकून पडले. त्यांत आमच्या तालुक्यातली पोरेही होती. २६ जानेवारी २०२४ रोजी एडनच्या आखातात ‘मार्लिन लुआंडा’ या तेलवाहू जहाजावर क्षेपणास्त्र आदळले, तेव्हा तिच्यावर २२ भारतीय होते. आपल्या नौदलाच्या ‘विशाखापट्टणम्’ने जाऊन आग विझवायला मदत केली. सैनिकाला युद्धात जाताना निदान हाती शस्त्र मिळते. व्यापारी खलाशी कोणाशीही वैर नसताना त्याच गोळीच्या तोंडी उभा राहतो, आणि त्याच्या घरच्यांना बातमी टीव्हीवरून कळते.

म्हणून रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि रायगड जिल्हा प्रशासनांना माझी विनंती आहे की दोन्ही महायुद्धांतील या याद्यांतून कोकणच्या खलाशांची नावे वेगळी काढून, गावे पडताळून, ती देवनागरीत प्रत्येक तालुक्याच्या ग्रंथालयात ठेवावीत. बंदर असलेल्या प्रत्येक गावी धक्क्याजवळ त्या त्या गावापुरता एक फलक लावावा. घरोघरच्या डिस्चार्जच्या वह्या, तारा आणि पत्रे यांच्या प्रती काढून घेण्याची सोय तालुक्याच्या ठिकाणी व्हावी. मूळ कागद घरच्यांकडेच राहू द्यावेत, नाहीतर कोणी पेटी उघडणार नाही. या कामाला फार मोठा खर्च येईल असे मला वाटत नाही. आमच्या घरची वही, आहे त्या स्थितीत, मी प्रतीसाठी द्यायला तयार आहे.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका
हर्णै, ता. दापोली, जि. रत्नागिरी