गायिका दिसली, कवयित्री राहिली

महोदय,

रविवारच्या पुरवणीतला अमेरिकन गायिका बियॉन्सेवरचा लेख आवडला. मात्र ‘लेमोनेड’ला (२०१६) ‘गाजलेला अल्बम’ एवढंच म्हणून लेखक मोकळे झाले, ते खटकलं. तो तासाभराचा चित्रपटही आहे. त्यात दोन गाण्यांच्या मध्ये बियॉन्से ज्या ओळी बोलते, त्या वॉर्सन शायर या सोमाली वंशाच्या ब्रिटिश कवयित्रीच्या कवितांतून आलेल्या आहेत. नवऱ्याची बेइमानी, आईकडून लेकीकडे आलेलं दुखणं, स्वतःच्याच शरीराशी चाललेलं भांडण, हे सगळं त्या ओळींनी पेललंय. त्या काढल्या तर गाणी उरतील (आणि ती झकासच आहेत), पण त्यांना बांधणारी गोष्ट उरणार नाही.

दुसरं राहिलेलं नाव ज्यूली डॅशचं. पांढऱ्या झग्यांतल्या बायकांच्या ज्या दृश्यांचं लेखात कौतुक आहे, त्यांची प्रेरणा डॅशच्या ‘डॉटर्स ऑफ द डस्ट’ची (१९९१). आफ्रिकन-अमेरिकन दिग्दर्शिकेचा अमेरिकेतल्या चित्रपटगृहांत रीतसर लागलेला हा पहिला कथापट. काळ १९०२चा. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या किनाऱ्यालगतच्या बेटांवरचं गुलाह (आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांच्या वंशजांचं) कुटुंब उत्तरेकडे निघालंय, पणजी नाना पीझंट मात्र जागची हलायला तयार नाही. गुलामीत नीळ काढून काढून तिचे हात निळे पडलेत. निळीचा डाग असा जन्मभर टिकत नाही, हे डॅशलाही ठाऊक होतं. पण गुलामी म्हटली की पाठीवरचे चाबकाचे वळ, हे ठरलेलं चित्र तिला नको होतं. शाळेत चंपारण्याचा धडा शिकलेल्या आपल्याला तर ते हात समजावून सांगायलाच नकोत! आणि हे सगळं सांगतेय कोण, तर पणजीच्या जोडीने अजून जन्मालाही न आलेली एक मुलगी.

एवढं करूनही डॅशला पुढची कित्येक वर्षं चित्रपटगृहासाठी दुसरा कथापट करायला मिळाला नाही. ती टीव्हीकडे वळली.

१९७२मध्ये दलित पँथरने अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून नाव घेतलं. कृष्णवर्णीयांच्या साहित्यावर मराठीत तेव्हापासून पुष्कळ बोललं गेलं, पण माझ्या वाचनात आलं ते बहुतेक पुरुषांविषयीच. हिरा बनसोडे, प्रज्ञा दया पवार या दलित कवयित्री वाचलेल्या माणसाला शायर परकी वाटायचं कारण नाही. पुरवणीत शायर आणि डॅश या दोघींवर स्वतंत्र लेख यावा आणि जमल्यास रीतसर परवानगी काढून शायरच्या एखाद्या कवितेचा अनुवादही छापावा, ही विनंती.

– एक वाचक, कोल्हापूर