वाघांसमोर उभी राहिली तिचंही नाव छापा

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत जुन्या चित्रपटांतल्या जनावरांवर आलेला लेख वाचला. 1961 च्या 'पोलोसाती रेइस' या रशियन चित्रपटातल्या वाघांचं त्यात भरभरून कौतुक आहे. दिग्दर्शक व्लादिमीर फेतिन यांचं नाव आहे, विनोदी नट येवगेनी लिओनॉव्ह यांचंही आहे. मार्गारिता नाझारोवाचं मात्र कुठेच नाही. ते फार लागलं, म्हणून हे पत्र.

ही बाई त्या चित्रपटाची नायिका आहे हो! जहाजावर खाण्याचा काउंटर सांभाळणारी मारियाना ही भूमिका तिनेच केली. जहाजभर मोकळे सुटलेले वाघ शिकवले तेही तिने आणि तिचा नवरा कॉन्स्तान्तीन कॉन्स्तान्तिनोव्स्की यानेच.

माझे वडील सर्कशीत वाघांच्या पिंजऱ्यावर होते. मांस तोडणं, पिंजरे धुणं, रिंगणात वाघ सोडायच्या वेळी सरकदारावर उभं राहणं, हे त्यांचं काम. खेळ बघायला नेलं की ते सांगायचे, वाघाच्या जबड्याकडे काय बघतोस, कान बघ, शेपटीचं टोक बघ. कान मागे चिकटले आणि शेपूट झटके द्यायला लागली, की रिंगमास्टर बोलणं कमी करतो, पाऊल हळू टाकतो आणि पाठ कधीच फिरवत नाही. निदान रिंगणाला चहूबाजूंनी जाळी असते, बाहेर माणसं सळया घेऊन तयार असतात. नाझारोवाचे वाघ जहाजाच्या डेकवर आहेत, समुद्रात पोहताहेत आणि ती त्यांच्यात आहे. हे बघताना माझी नजर अजूनही त्यांच्या कानांवरच जाते.

लेखात बाथटबचा प्रसंग आहे. त्यामागची हकिगत अशी सांगतात की, टबात साबणाने माखलेल्या लिओनॉव्हना वाघाच्या आणि त्यांच्या मध्ये काच असेल असा शब्द दिला होता आणि ऐन वेळी काच नव्हती. पुर्श नावाचा वाघ जवळ आल्यावर ते उडी मारून पळाले ते खरेखुरे. लोक हसतात ते त्यांच्या पळण्याला. पण त्या पुर्शला कॅमेरा, दिवे, पाणी आणि ओरडणारा माणूस या सगळ्यांत शांत राहायला कोणी शिकवलं? हा वाघ नाझारोवाच्या घरात वाढलेला होता.

तिचं आधीचं आयुष्यही थोडक्यात सांगतो. जन्म 1926 चा, लेनिनग्राडजवळचा. महायुद्धात जर्मनांनी तिला कामाला धरून नेलं. सुटून आल्यावर ती नर्तकी म्हणून सर्कशीत आली आणि तिथून वाघांकडे वळली. 1954 साली बनलेल्या एका सर्कसपटात वाघ शिकवणाऱ्या मुलीची भूमिका ल्युदमिला कसात्किना या अभिनेत्रीची होती, पण जिवावरच्या प्रसंगांत तिच्या जागी नाझारोवा उभी राहिली. पुढे सात वर्षांनी पडद्यावर तिचा स्वतःचा चेहरा आला, तो कोट्यवधी लोकांनी पाहिला. 1970 मध्ये नवरा गेला. म्हातारपण निझनी नोव्हगोरोदच्या लहानशा घरात, लोकांपासून तुटून, हलाखीत गेलं. 2005 मध्ये ती वारली.

आपल्याकडे 1998 च्या केंद्राच्या अधिसूचनेने सर्कशीतले वाघ-सिंह बंद झाले आणि 2001 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. हे योग्यच झालं. पिंजऱ्यातल्या पिंजऱ्यात फेऱ्या मारणारा वाघ मी जवळून पाहिलाय, त्याचं समर्थन मी करणार नाही. पण खेळ बंद झाला म्हणून त्यात आयुष्य घातलेल्या माणसांची नावं गाळायची, हे मला पटत नाही. सांगली जिल्ह्याला हे वेगळं सांगायला नको. भारतीय सर्कशीचे जनक विष्णुपंत छत्रे इथलेच, देवलांची सर्कस आमच्या म्हैसाळची. पुण्याचे दामू धोत्रे तर अमेरिकेच्या रिंगलिंग सर्कशीत बिबट्यांचे खेळ करून नावाजले.

तेव्हा एक विनंती. येत्या रविवारी त्याच पानावर मार्गारिता नाझारोवाचं नाव आणि मिळाला तर फोटो छापावा. आणि यापुढे जुन्या चित्रपटातल्या जनावरांवर लेख घ्याल, तेव्हा लेखकाला जनावर कोणी शिकवलं हेही शोधायला सांगावं.

आपला,
एक जुना वाचक
म्हैसाळ, ता. मिरज, जि. सांगली