गृहकर्जाची मुदत न विचारता वाढवल्याबद्दल तक्रार

प्रति,
मा. तक्रार निवारण अधिकारी,
गृहकर्ज विभाग

विषय : व्याजदर वाढल्यानंतर माझ्या कर्जाची मुदत मला न कळवता ५० महिन्यांनी वाढवल्याबाबत

महोदय,

आपल्या कंपनीकडून घेतलेले माझे गृहकर्ज सुरू होऊन तीन वर्षे झाली. आजवर एकही हप्ता चुकलेला नाही. थोडी रक्कम हाताशी आली होती. ती कर्जात भरली तर व्याज किती वाचेल हे पाहावे म्हणून मी परतफेडीचे ताजे वेळापत्रक मागवून घेतले. त्याच्या शेवटच्या पानावर शेवटच्या हप्त्याची जी तारीख छापलेली आहे, ती मंजुरीपत्रातल्या तारखेपेक्षा चार वर्षे दोन महिने पुढची आहे. एवढी मुदत वाढल्याचे मला कोणीही सांगितले नव्हते. ना पत्राने, ना फोनवर, ना संदेशातून.

झाले असे, की वर्षभरापूर्वी माझा व्याजदर ९ टक्क्यांवरून १० टक्के झाला. तेव्हा आपला संदेश आला होता, तो मी जपून ठेवला आहे : ‘आपला व्याजदर सुधारित करण्यात आला आहे. आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल नाही.’ एवढेच. मुदतीचा उल्लेख नाही, वाढीव व्याजाचा नाही, आणि मला काही निवडायचे होते याचा तर अजिबातच नाही.

एक गोष्ट आधीच स्पष्ट करते. दर वाढला याबद्दल माझी तक्रार नाही. करारात बदलता दर आहे, मी तो वाचून सही केली आहे, आणि बाजारात पैसा महाग झाला की माझे कर्जही महाग होणार हे मला मान्य आहे. माझी तक्रार वेगळी आहे. दर वाढल्यावर पुढे जाण्याचे दोन मार्ग होते. त्यातला कितीतरी जास्त महाग मार्ग आपण माझ्या वतीने निवडलात आणि त्याची किंमत मला सांगितली नाहीत.

ती किंमत किती, हे मी मांडून दाखवते. माझ्या कर्जाची रक्कम आपल्याकडे नोंदलेली आहेच. इथे मी मूळ कर्ज १०० धरते, म्हणजे हा हिशेब आपल्याला कोणत्याही खात्याला लावून पाहता येईल.

९ टक्के दराने २० वर्षांसाठी १०० घेतले, तर महिन्याचा हप्ता ०.९० च्या जवळपास येतो. पहिल्या हप्त्यातले ०.७५ व्याजात जातात आणि मुद्दल फिटते जेमतेम ०.१५. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते, त्यामुळे सुरुवातीची वर्षे बहुतेक व्याजच फेडण्यात जातात. निम्मी मुदत, म्हणजे १० वर्षे, संपली तरी ७१ शिल्लक असतात. मुद्दल निम्म्यावर यायला १४ वर्षे लागतात. २० वर्षांत एकूण भरणा २१६ चा. म्हणजे १०० मुद्दल आणि ११६ व्याज. हे मी स्वीकारून कर्ज घेतले होते आणि त्यावर माझे काही म्हणणे नाही.

दोन वर्षांनी दर १० टक्के झाला तेव्हा माझे ९६ शिल्लक होते. त्या महिन्याच्या हप्त्यातून जुन्या दराने ०.१८ मुद्दलात जायला हवे होते. नव्या दराने व्याजच ०.८० झाले, हप्ता तोच ०.९० राहिला, तेव्हा मुद्दलात गेले ०.१०. दर एका टक्क्याने वाढला, पण मुद्दल फिटण्याचा वेग जवळपास निम्मा झाला. कर्जदाराला बाहेरून हे दिसत नाही, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम दरमहा तीच असते. ज्याला दिसते, ती आपली कंपनी आहे.

आता दोन मार्ग पाहा. हप्ता ०.९० वरून ०.९६ केला असता, म्हणजे सात टक्क्यांहूनही कमी वाढवला असता, तर कर्ज ठरलेल्या तारखेलाच फिटले असते आणि तिथून पुढे माझा एकूण भरणा २०७.५ झाला असता. आपण हप्ता तोच ठेवलात. त्यामुळे उरलेले २१६ हप्ते २६६ झाले आणि भरणा गेला २३९ वर. दोन्हींतला फरक जवळपास ३२. मूळ कर्जाच्या जवळजवळ एक तृतीयांश रक्कम मी केवळ या एका निर्णयापोटी जास्त भरायची आहे, आणि त्या निर्णयात मला कोणी विचारलेलेच नाही.

तीन वर्षांत मी १०० मागे ३२ हून अधिक भरले आहेत. मुद्दल कमी झाले आहे पाच. जसजशी वर्षे जातात तसतसा हप्त्यातला व्याजाचा वाटा घटत जायला हवा. माझ्या खात्यावर तो पहिल्या महिन्यात ८३ टक्के होता आणि आज ८८ टक्के आहे. तीन वर्षे नेमाने हप्ते भरून मी जिथून सुरुवात केली त्याच्याही मागे आहे. दर आणखी दीड टक्क्याने वाढला आणि आपण पुन्हा हप्ता तोच ठेवलात, तर हप्त्यात त्या महिन्याचे व्याजही भागणार नाही. न भागलेले व्याज मुद्दलात मिळवले जाईल आणि मी दरमहा पैसे भरत असतानाच कर्ज वाढत राहील. तेव्हाही ‘हप्त्यात कोणताही बदल नाही’ असाच संदेश येणार का, हे मला लेखी हवे आहे.

२० वर्षांची मुदत मी सहज निवडली नव्हती. शेवटचा हप्ता माझ्या निवृत्तीच्या आत पडावा, या हिशेबानेच ती ठरवली होती आणि अर्ज भरताना आपल्या प्रतिनिधीला तसे सांगितलेही होते. आता पगार थांबल्यानंतरही मला चार वर्षे हप्ते भरायचे आहेत. निवृत्तीनंतरच्या दिवसांसाठी जी पुंजी आहे, तिला हात लावल्याशिवाय ते शक्य नाही. माझ्या घरातला एवढा मोठा निर्णय आपल्या संगणकाने परस्पर घेतला, याचा मला संताप आला आहे आणि तो मी लपवत नाही.

ग्राहक सेवा क्रमांकावर मी हे सांगितले तेव्हा उत्तर मिळाले, ‘मॅडम, तुमचा हप्ता तर तेवढाच आहे ना, मग अडचण काय आहे?’ मी पुन्हा समजावले. त्यावर, ‘सिस्टिमच तसं करते, सगळ्यांचंच असं होतं.’ त्या मुलीवर माझा राग नाही. तिला जेवढे शिकवले तेवढे तिने सांगितले. पण सगळ्यांचेच असे होत असेल तर ते आणखी गंभीर आहे. मी वेळापत्रक मागवले म्हणून मला कळले. जे मागवत नाहीत, त्यांना मूळ मुदत संपल्यावरच कळणार.

आता विम्याकडे वळते. मंजुरीच्या वेळी कर्जासोबत जीवन विमा घ्यावाच लागतो असे सांगून त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला गेला. १०० मधले ३ त्या विम्याचे. ते घराला लागले नाहीत, पण त्यांवर घराच्या कर्जाइतकेच व्याज मी भरते आहे. २० वर्षांत त्या ३ चे साडेसहा होतात, हे सांगितले गेले नव्हते. तेही एक वेळ सोडून देईन. पण विम्याचे कागद काढून पाहिले तर संरक्षणाची रक्कम जुन्या वेळापत्रकाप्रमाणे दरवर्षी घटत जाते आणि मूळ मुदतीच्या शेवटी शून्य होते. कर्ज मात्र नव्या वेळापत्रकाने चालले आहे. आज दोन्हींत १०० मागे १ चाच फरक आहे. पुढे तो वाढत जाईल, आणि विमा संपेल त्या दिवशी माझ्या डोक्यावर ३६.६ इतके कर्ज शिल्लक असेल. कर्जदाराच्या पश्चात घर कुटुंबाकडे राहावे म्हणून जो विमा विकला, तो शेवटच्या चार वर्षांत उपयोगाचाच नाही. मुदत वाढवताना आपल्याकडे हे कोणी पाहिले का? पाहिले असेल तर मला का कळवले नाही?

आगाऊ भरण्याचा अर्जही तसाच आहे. ‘अंशतः परतफेडीनंतर हप्ता कमी करण्यात येईल’ हे त्यावर आधीच छापलेले आहे. हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा, असे सांगायला रकानाच नाही. मूळ मुदत पूर्ववत झाली असे धरून मी आज ५ आगाऊ भरले, तर मुदत कमी केल्यास साडेएकोणीस वाचतात आणि हप्ता कमी केल्यास साडेपाचच्या आत. दर वाढतो तेव्हा मुदत वाढते आणि मी पैसे आणून भरते तेव्हा मात्र मुदत हलत नाही. दोन्ही वेळा जास्त व्याज मिळते ते आपल्याला.

मुळात कर्ज विकतानाच सगळे बोलणे हप्त्याभोवती फिरले होते. आपल्या प्रतिनिधीने जो तक्ता समोर ठेवला त्यात मुदत आणि हप्ता एवढे दोनच रकाने होते. ३० वर्षे घ्या, हप्ता हलका होईल, असा त्यांचा आग्रह होता. हप्ता खरोखर हलका होतो, साधारण साडेदहा टक्क्यांनी. पण त्यासाठी १० वर्षे जास्त भरायचे आणि एकूण भरणा २१६ वरून २९० वर न्यायचा. उलट १५ वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता पावणेतेरा टक्क्यांनी वाढतो आणि भरणा १८३ वर येतो. हा तिसरा रकाना त्या तक्त्यात असता, तर समोर बसलेल्या माणसाला दोन मिनिटांत सगळे कळले असते. प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन यांचे पैसे वेगळे घेतले जातात. ते धरल्यावर खरा वार्षिक दर जाहिरातीतल्या दरापेक्षा वर जातो. तोही त्याच तक्त्यात असायला हवा.

लांब मुदत वाईटच असते, असे माझे म्हणणे नाही. ज्याचे उत्पन्न आज तोकडे आहे त्याला हलका हप्ता लागतो. एखाद्या वर्षी घरात आजारपण असेल तर मुदत वाढवून मिळणे हा मोठा आधार असतो. वीस वर्षांनंतरच्या पैशाची किंमत आजच्याइतकी नसते, हेही मला ठाऊक आहे. म्हणूनच हा निर्णय कर्जदाराने आपल्या घराकडे पाहून घ्यायचा असतो, आणि त्यासाठी त्याच्यासमोर दोन्ही आकडे असावे लागतात.

माझी मागणी अशी. माझी मूळ मुदत पूर्ववत करावी आणि पुढील महिन्यापासून हप्ता १०० मागे ०.९६ प्रमाणे घ्यावा. मागच्या वर्षभरात जो फरक राहिला, तो व्याजासकट १०० मागे ०.७७ भरतो. माझ्या एका हप्त्यापेक्षाही ही रक्कम कमी आहे, आणि ती मी एकरकमी भरायला तयार आहे. त्यावर दंड, रूपांतर शुल्क किंवा आणखी कोणत्याही नावाने आकार लावू नये. आज एका हप्त्याच्या आत मिटणारी गोष्ट तशीच सोडली तर ५० हप्त्यांची होते, यावरून ती वेळेवर कळवणे किती गरजेचे होते हे आपल्या लक्षात येईल.

मुदत पूर्ववत झाल्यावर विम्याची रक्कम आणि कर्जाची शिल्लक दरवर्षी जुळते का, याचा तक्ता मला द्यावा. जुळत नसेल तर न वापरलेल्या काळाचा विमा हप्ता परत करून ती रक्कम मुद्दलात जमा करावी. माझा दर कोणत्या आधारदरावर आणि त्यावर किती अधिक टक्के लावून ठरतो, हे लेखी कळवावे. आधारदर खाली आला तर माझा दर किती दिवसांत खाली येईल, तेही त्यात असावे. वर जाताना तो लगेच गेला होता. आगाऊ भरण्याच्या अर्जात मुदत कमी करण्याचा पर्याय द्यावा. तो येईपर्यंत या पत्रालाच माझी लेखी सूचना समजावे : मी आगाऊ भरलेली प्रत्येक रक्कम मुदत कमी करण्यासाठीच वापरावी.

शेवटची मागणी माझ्या एकटीपुरती नाही. यापुढे दर बदलल्याचा जो संदेश कोणत्याही कर्जदाराला जाईल, त्यात नवी अंतिम तारीख, आता भरायचे एकूण व्याज, आणि मुदत तीच ठेवायची असेल तर लागणारा हप्ता हे तीन आकडे द्यावेत आणि कर्जदाराचे उत्तर येईपर्यंत मुदत वाढवू नये. आपल्या संगणकात हे तिन्ही आकडे त्याच क्षणी तयार असतात, नाहीतर वेळापत्रक छापताच आले नसते.

या पत्रासोबत मंजुरीपत्र, आपला संदेश, जुने व नवे वेळापत्रक आणि विम्याच्या संरक्षण तक्त्याची प्रत जोडली आहे. पत्र मिळाल्याची पोच आणि एका महिन्याच्या आत प्रत्येक मुद्द्याचे लेखी उत्तर द्यावे. फोनवर दिलेले उत्तर मी उत्तर धरणार नाही. मुदतीत उत्तर आले नाही, तर हीच कागदपत्रे घेऊन मी नियामकाकडे दाद मागेन. तोवर माझे हप्ते नेहमीप्रमाणे वेळेवर भरले जातील.

आपली,
एक कर्जदार
(कर्ज खाते क्रमांक व स्वाक्षरी मूळ प्रतीवर)